बादलीतून दिलेली परवानगी

आईने घरातल्या सगळ्यांना एकच गोष्ट बजावायला हवी होती, आणि तिने ती एकट्या अण्णांना बजावली. तिथेच सगळं फसलं.

"बाईंसमोर बादली काढायची नाही," ती सकाळपासून सांगत होती. चहा देताना सांगितलं, टॉवेल देताना सांगितलं. शेवटी अण्णा दाढी करता करता, तोंडाला फेस तसाच ठेवून म्हणाले, "अगं, नाही म्हटलं ना! आता काय कागदावर अंगठा देऊ?"

"अंगठा नको. तोंड बंद ठेवा, खूप झालं."

"आणि त्यांनी विचारलंच तर?"

"तर म्हणायचं, साहेबांच्या परवानगीने प्राणिसंग्रहालय सोडलं आणि वाचनालयात लागलो. बस. त्याला शेपूट जोडायचं नाही."

अण्णांनी आरशातल्या स्वतःकडे बघितलं. एखाद्या राजाला मुकुट काढून कानटोपी घाल म्हणावं, तसा चेहरा झाला होता बिचाऱ्याचा. पण मान हलवली त्यांनी. हलवावीच लागली.

भानगड अशी होती. अण्णा वाचनालयातून पुढच्या महिन्यात निवृत्त होणार, आणि तिथल्या नियमाने दरमहा पेन्शन मिळायला तीस वर्षं नोकरी लागते. वाचनालयात चार वर्षं कमी पडत होती. पण त्याआधी अण्णा प्राणिसंग्रहालयात पाणघोड्याला चारा घालायच्या कामावर होते, चांगली नऊ वर्षं. दोन्ही नोकऱ्या सरकारीच. नियम म्हणत होता की पहिली नोकरी दुसरीत धरता येते, फक्त माणूस तिथून परवानगी घेऊन, रीतसर निघालेला हवा. राजीनामा फेकून निघाला असेल तर आधीची सगळी वर्षं पाण्यात. हाकलून दिलं असेल तरी पाण्यात.

प्राणिसंग्रहालयाची जुनी कागदपत्रं तर आधीच पाण्यात गेली होती. कचेरीचं छप्पर गळायचं आणि कपाट नेमकं त्याच्याखाली. म्हणून पेन्शन ऑफिसच्या बाई स्वतः घरी येऊन तोंडी जबाब घेणार होत्या. चार वाजता.

आणि पेन्शन नसेल तर ह्या दोन खोल्यांचं भाडं कुठून द्यायचं? मुलांनी त्याचा विचार करून ठेवला होता. फारच प्रेमाने केला होता. थोरला म्हणाला, आई माझ्याकडे येईल. धाकटी म्हणाली, छे, आई माझ्याकडे येईल. थोरल्याचं चष्म्याचं दुकान, घरी दोन पोरं शाळेत जाणारी. धाकटीचं केस कापायचं दुकान, घरी एक पोरगं रांगणारं. आई दोघांनाही हवी होती. अण्णांचं नाव निघालं की दोघं एकमेकांकडे बघून म्हणायची, "अण्णांना तुझ्याकडे जास्त बरं वाटेल."

आईने हे सगळं पोळपाट पुसत ऐकलं होतं. पोळपाट पार पांढरा पडेपर्यंत पुसला होता.

तर त्या दिवशी दोन्ही मुलं आणि अण्णांची बहीण धीर द्यायला दुपारीच येऊन बसली होती, आणि साडेतीनला आईच्या लक्षात आलं की घरात एकसारखे चार कप नाहीत. एकाचा कान तुटलेला, एकावर थोरल्याच्या दुकानाची जाहिरात. सरकारी बाईला जाहिरातीच्या कपात चहा कसा द्यायचा? ती खालच्या मजल्यावरच्या शिंपिणीकडे कप मागायला गेली. शिंपीण म्हणजे बोलायला लागली की मशीनसारखी, पाय काढल्याशिवाय थांबत नाही. तिने कप दिले, पण सोबत आपल्या गुडघ्याचं दुखणंही दिलं, आणि जावेचंही दिलं.

आई सुटून जिन्यात आली तेव्हा वरून आवाज आला.

"हुऽऽऽम्! हुऽऽऽम्!"

आईने कप छातीशी धरले. हा आवाज तिने झोपेतही ओळखला असता. आत्याचा पाणघोडा होता तो.

ह्या घराची ही एक खोड. नवा माणूस उंबरठ्याच्या आत आला की त्याला आधी बादलीची गोष्ट, म्हणजे अण्णांनी साहेबाच्या डोक्यात चाऱ्याची बादली घालून नोकरी कशी सोडली ती, करून दाखवायची. सांगायची नाही, करून दाखवायची. ज्याचं त्याचं काम ठरलेलं. अण्णांची बहीण, म्हणजे आत्या, अंगाने छडीसारखी, पण पाणघोडा तीच व्हायची आणि दुसऱ्या कोणाला होऊ द्यायची नाही. थोरला साहेब व्हायचा. धाकटी प्राणिसंग्रहालय बघायला आलेली गर्दी व्हायची, एकटीच, चार आवाज काढून. आणि अण्णा अण्णाच व्हायचे. दारामागच्या खिळ्यावर बादली कायम टांगलेली. धाकटीच्या पहिल्या स्थळाकडची माणसं हे बघून जी पळाली ती परत आली नाहीत. दुसऱ्याने टाळ्या वाजवल्या, म्हणून तो जावई झाला.

आई दोन दोन पायऱ्या एकदम चढली. दार उघडंच होतं.

खोलीच्या मधोमध आत्या हातांवर आणि गुडघ्यांवर, तोंड वासून. धाकटी खुर्चीवर चढून ओरडत होती, "अरे बापरे! कोण हा शूर जवान!" थोरला कमरेवर हात ठेवून छाती काढून उभा, आणि त्याच्या डोक्यावर बादली. आणि समोर चांगल्या खुर्चीत पेन्शन ऑफिसच्या बाई, तरुण, चष्मा, मांडीवर वही. लिहीत होत्या.

सगळ्यांनी एका सुरात शेवटचं वाक्य म्हटलं, "सांभाळा तुमचा पाणघोडा! हा घ्या माझा राजीनामा!"

"रा-जी-ना-मा," बाई लिहिता लिहिता म्हणाल्या.

आईने कप टेबलावर ठेवले. एकेक करून ठेवले. मग अण्णांकडे बघितलं. ते कोपऱ्यात स्टुलावर बसले होते.

"मी एक शब्द बोललो नाही," अण्णा घाईघाईने म्हणाले. "विचार हवं तर. माझं वाक्यसुद्धा ह्यांनीच म्हटलं."

"आणि बादली? बादली खिळ्यावरून चालत आली?"

"ती... ती मी फक्त हातात दिली. थोरल्याचा हात पुरत नव्हता."

"आई, मॅडम लवकर आल्या," बादलीतून थोरला म्हणाला, घुमणाऱ्या आवाजात. "नुसतं बसवून कसं ठेवायचं? म्हटलं, अण्णा किती बाणेदार होते ते कळू दे ऑफिसला. इंप्रेशन पडतं."

"काढ ती आधी!"

थोरल्याने बादली काढली. केस उभे राहिले होते. धाकटी खुर्चीवरून उतरली, तिला आईच्या चेहऱ्यावरून काहीतरी कळलं. "काय झालं? आम्ही चुकलो का काही?"

"तसं नाही," बाई म्हणाल्या. स्वभावाने वाईट नव्हत्या. "छान करता तुम्ही सगळे. पाणघोडा तर फारच छान."

"हां, मग!" आत्या गुडघे झाडत उठली.

"पण राजीनामा दिला असेल तर आधीची नोकरी धरता येत नाही. नियमच आहे. स्वतःहून नोकरी फेकली म्हणजे तिच्यावरचा हक्क पण फेकला. मग वाचनालयाची तेवढीच वर्षं राहतात आणि ती पुरत नाहीत. एकदाच काय ती रक्कम मिळेल. दरमहा नाही."

थोरल्याने बादली ह्या हातातून त्या हातात घेतली.

"अय्या," धाकटी म्हणाली.

"अय्या काय अय्या!" आईचं डोकं सटकलं. "चार वेळा गर्दी होऊन ओरडत होतीस ना? आता ओरड!"

"आई, तू सांगितलं असतंस तर..."

"काय सांगायचं? बाप खोटं बोलतो म्हणून सांगायचं?"

हे तोंडातून निघून गेलं आणि मग आईलाच कळलं की निघून गेलं. अण्णांनी मान खाली घातली आणि स्टुलाच्या पायाशी काहीतरी फार महत्त्वाचं पडल्यासारखं बघायला लागले.

आत्या मात्र ताडकन उभी राहिली. "वहिनी! जपून बोल. दादा खोटं बोलतो? ह्या गोष्टीवर माझं लग्न जमलंय! बादलीवाल्याची बहीण म्हणून सासरी आजपर्यंत मला कोणी उलट बोललेलं नाही. सासूबाई सुद्धा आधी हातात बादली आहे का बघायच्या, मग बोलायच्या."

"तुमचं लग्न झालं आता. मोडत नाही ते," आई म्हणाली.

"माझी अब्रू मोडते!"

"आणि माझं घर?"

थोरल्याने घसा खाकरला. ज्या माणसाला कुठे बोलू नये ते कळत नाही तोच असा खाकरतो. "आई, तू घराची काळजी करू नकोस. तुझी खोली मी रंगवून ठेवलीय."

"अच्छा!" धाकटी वळली. "रंगवून पण ठेवलीस? विचारलंस मला? आई माझ्याकडे येणार आहे. माझं पोर लहान आहे."

"तुझं एक आहे, माझी दोन आहेत."

"मग अण्णांना ने तू! पोरांना गोष्टी सांगतील."

"अण्णा माझ्याकडे? दुकानात बसवलं होतं एकदा, आठवतं ना? नंबर तपासायला आलेल्या माणसाला गोष्ट सांगितली, तो हसून हसून रडला, मग डोळ्यांचा नंबरच लागेना. तुझ्याकडे ने. केस कापताना लोक हलत नाहीत, ऐकतील निमूट."

"हसताना हलतात! कान कापला गेला म्हणजे?"

बाईंची मान ह्याच्याकडून तिच्याकडे अशी फिरत होती. अण्णा अजून स्टुलाच्या पायाकडेच बघत होते, पण त्यांचे कान लाल झालेले आईला दिसले. भांडणात आपल्याला कोणी ओढत नाही, ढकलतंय, हे कळायला माणसाला फार हुशार असावं लागत नाही.

"गप्प बसा दोघं," ती म्हणाली. "मी काय कपाट आहे, उचलून न्यायला?"

तेवढ्यात बाई म्हणाल्या, "एक मिनिट. अजून एक जबाब बाकी आहे. तेव्हाचे साहेब खाली गाडीत आहेत. जिना चढायला त्यांना वेळ लागतो म्हणून मी पुढे आले."

अण्णा स्टुलावरून जवळजवळ पडले. "कोण? साहेब? ते आहेत अजून?"

"आहेत की. ऐंशी ओलांडलीय, पण आहेत."

आणि खरोखरच जिन्यात काठी वाजायला लागली. ठक. थांबली. ठक. सगळं घर दाराकडे बघत राहिलं. आजवर साहेब म्हणजे थोरला, कमरेवर हात ठेवलेला. खरा साहेब मुलांनी बघितलाच नव्हता. दारात आला तो एक एवढासा म्हातारा, कोट मोठा आणि आत माणूस लहान, ड्रायव्हरने काखेत हात घालून आणलेला. त्याने आधी अण्णांकडे बघितलं, मग थोरल्याच्या हातातल्या बादलीकडे. बादली बघून तो एक पाऊल मागे सरकला.

"या, बसा," आईने खुर्ची ओढली. "पाणी देऊ?"

साहेबाने आईकडे बघितलं आणि एकदम नजर दुसरीकडे नेली. "नको. मी लगेच सांगतो आणि जातो. ह्या माणसाला मी नोकरीवरून हाकललं."

"काय?" अण्णा किंचाळले.

"हाकललं. कामचुकार होता. कॉलर धरून फाटकाबाहेर काढला. माझ्या घरी विचारा, माझ्या नातवंडांना तोंडपाठ आहे."

"तुम्ही? माझी कॉलर?" अण्णा उठून उभे राहिले. "अहो, तुमचा हात तरी पोचला असता का माझ्या कॉलरला? मी राजीनामा फेकला तुमच्या तोंडावर!"

"मी आधी हाकललं!"

"मी आधी सोडलं!"

"हाकललेला माणूस सोडणार काय?"

"सोडलेल्या माणसाला हाकलणार कसं?"

बाईंनी पेन वर धरलं. "ऐका. राजीनामा लिहिला तर नोकरी गेली. हाकलला लिहिलं तरी गेली. दोघांचं काहीही खरं असलं तरी पेन्शन मिळत नाही. मग कोणतं लिहू?"

"माझं!" दोघंही एकदम म्हणाले.

आता गंमत बघा. ज्या दोन माणसांनी इतकी वर्षं एकमेकाला शिव्या देऊन आपापली घरं हसवली, ते दोघं आता एकाच बाजूला होते. एकाची गोष्ट राहिली की दुसऱ्याचीही राहणार, हे दोघांना बरोबर कळलं होतं. अण्णा साहेबाच्या खुर्चीजवळ सरकून हळूच म्हणालेसुद्धा, "साहेब, तुम्ही आपलं म्हणणं सोडू नका. मी माझं सोडत नाही." आणि साहेबाने मान डोलावली.

आईला हे दिसलं. आईला सगळंच दिसायचं, कारण तिने पूर्वी तिकीट खिडकीवर काम केलं होतं. त्याच प्राणिसंग्रहालयाच्या. तिकडे बसलं की कोण खरंच लहान पोर आहे आणि कोण गुडघे वाकवून अर्धं तिकीट मागतंय, ते एका नजरेत कळायला लागतं. तिच्यासमोर आत्ता दोन म्हातारे गुडघे वाकवून उभे होते.

"साहेब," ती म्हणाली, "सांगता, का मी सांगू?"

साहेबाची काठी हातातून सुटली.

"काय सांगणार?" बाईंनी विचारलं.

"वहिनी," आत्या म्हणाली, पण आता आवाजात तो जोर नव्हता, "काय चाललंय?"

आई पदर खोचून खोलीच्या मधोमध आली, जिथे मघाशी पाणघोडा होता. "हे सांगतात ती गोष्ट खोटी नाही. बादली खरी आहे. डोकं पण हेच होतं, साहेबांचं. फक्त घालणारा हात ह्यांचा नव्हता."

"मग कोणाचा?" थोरला.

"कोणाचा म्हणजे? माझा!"

धाकटीने तोंडावर हात घेतला. आत्या मटकन खाली बसली, ह्या वेळी पाणघोडा न होता.

"साहेब, खोटं असेल तर सांगा," आई म्हणाली.

साहेबाने थोडा वेळ छताकडे बघितलं, मग बादलीकडे, मग म्हणाला, "आत कोबीची पानं होती."

"होती! आणि केळ्याची सालं. मॅडम, लिहून घ्या." आईला आता थांबवणं शक्य नव्हतं. "त्या पाणघोड्याचं नाव बेबी. ह्यांनी नऊ वर्षं तिला चारा घातला आणि नऊही वर्षं तिला घाबरले. वाचनालयात जागा होती, तिथले लोक घ्यायला तयार होते, पण हे साहेब सोडेनात. का? तर बेबीला चारा घालायला दुसरं कोणी तयार नव्हतं. महिने झाले. मग एक दिवस बेबीने जांभई दिली. ह्यांच्या अगदी तोंडासमोर. हे पळाले आणि चाऱ्याच्या खोलीत जाऊन आतून कडी लावून बसले. बाहेर येईनात. मला खिडकीवर निरोप आला. मी पाटी लावली, 'खिडकी बंद', आणि गेले साहेबांकडे. म्हटलं, साहेब, सोडा आता ह्यांना. तर साहेब काय म्हणाले? म्हणाले, नवरा भित्रा असेल तर तू घाल चारा."

"असं म्हणालात?" धाकटीने साहेबाकडे असं बघितलं की त्याने कोटाची कॉलर वर केली.

"म्हणून मी घातला. जवळ ते होते, त्यांनाच घातला. आणि तिथल्या तिथे माझी नोकरी सोडली. सांभाळा तुमचा पाणघोडा, हे वाक्य पण माझं आहे!"

बाईंनी चष्मा काढून पुसला. "पण बाई, मुद्दा यजमानांचा आहे. त्यांना परवानगी दिली का?"

"दिली की! बादलीतून दिली. आतून ओरडले, 'जा! घेऊन जा त्याला! दोघंही जा!'"

"बादलीतून," बाई म्हणाल्या. त्यांनी पेन खाली ठेवलं. "बादलीतून दिलेली परवानगी धरायची की नाही, ते नियमात नाहीये."

"का नाही धरायची? आवाज साहेबांचाच होता," आत्या म्हणाली. बघा, हिने बाजू बदलली पण! "बादली काय बोलते का स्वतःहून? वहिनी, तू सांग, आवाज घुमत होता का?"

"थोरल्यासारखाच."

"मग झालं!"

"नंतर," साहेब हळूच म्हणाला, "बादली काढल्यावर, मी वाचनालयाला फोन केला होता. सांगितलं, माणूस पाठवतोय, शांत जागी ठेवा." त्याने कोटाची कॉलर खाली केली. "आणि मग सहा महिने बेबीला चारा मी घातला. मीच. दुसरं कोणी नव्हतं. घरी कसं सांगणार? बायको विचारायची, कपड्यांना कसला वास येतो. म्हणून म्हणायचो, एकाला हाकललं, कामाचा ताण आहे."

"जांभई द्यायची का?" अण्णांनी एकदम विचारलं.

"रोज!" साहेब म्हणाला, आणि त्या दोघांनी एकमेकांकडे जे बघितलं ते दुसऱ्या कोणाला कळलं नसतं.

"फोन केला असेल तर ती परवानगीच," बाई पुन्हा पेन घेत म्हणाल्या. "मधे खंड नाही ना?"

"शनिवारी बादली, सोमवारी वाचनालय," आई म्हणाली.

"मग जमतंय. पण हे मला यजमानांच्या तोंडून हवं. त्यांनी राजीनामा म्हटलं तर मला तेच लिहावं लागेल. नोकरी त्यांची आहे."

सगळे अण्णांकडे वळले. अण्णा बसले होते तसेच बसले होते. मघाशी ज्यांनी त्यांच्या नावाने जयजयकार केला तीच माणसं आता वाट बघत होती, आणि म्हणायचं काय, तर मी घाबरलो. बायकोने सोडवलं.

"अण्णा, नसेल म्हणायचं तर राहू द्या," थोरला म्हणाला. "काढू काहीतरी मार्ग. आई माझ्याकडे येईल, आणि तुम्ही..."

"मी कुठे?" अण्णांनी विचारलं.

थोरल्याने धाकटीकडे बघितलं. धाकटीने चपलेकडे बघितलं.

आई अण्णांच्या जवळ गेली. आवाज खाली आणला तिने, पण खोली एवढीशी, सगळ्यांना ऐकू गेलंच. "मला कोणाकडे जायचं नाहीये. रंगवलेली खोली नको मला. ही दोन खोल्यांची जागा पाहिजे, आणि तुमचं घोरणं पण इथेच पाहिजे, पलीकडच्या बाजूला. तेवढं मिळवून द्या. घाबरलात म्हणून मी कधी कमी समजले का तुम्हाला?"

"कधी म्हणाली नाहीस पण."

"तुम्हीच बोलत होता. मला कुठे जागा होती मधे?"

अण्णा उठले. आधी शर्ट खाली ओढला. मग घसा साफ केला. आणि त्यांची सवय काही सुटत नाही, त्यांनी थोरल्याच्या हातातून बादली घेतली आणि बाईंसमोर उभे राहिले.

"लिहा. मी पाणघोड्याला घाबरायचो."

"लिहिलं."

"नुसतं घाबरायचो असं लिहू नका. किती मोठं तोंड होतं ते लिहा. ह्या दारात मावलं नसतं! आत दात, एकेक माझ्या हाताएवढा! आणि वास! मॅडम, जांभई दिली तर माझी टोपी आत ओढली गेली. मी मागे पळालो नाही, मी उडालो! चाऱ्याच्या खोलीपर्यंत पाय जमिनीला लागला नाही माझा. कडी लावली, एक नाही, दोन! वर पोती रचली! आणि पोत्यांमागे बसून, मॅडम, मी जो थरथरलो, तसं ह्या शहरात कोणी थरथरलेलं नसेल!"

धाकटी खुदकन हसली. मग आत्या. मग ड्रायव्हर, जो अजून दारात उभा होता. अण्णांच्या चेहऱ्यावर हळूहळू तोच जुना उजेड यायला लागला. लोक हसत होते! भित्र्या अण्णांवर बाणेदार अण्णांपेक्षा जास्त हसत होते!

"आणि परवानगी?" बाईंनी हसू दाबत विचारलं.

"परवानगी घेऊन निघालो. साहेबांनी दिली, बायकोने मिळवली. मी राजीनामा दिलेला नाही. मला राजीनामा द्यायची सुद्धा भीती वाटायची."

बाईंनी लिहिलं, साहेबाची सही घेतली, अण्णांची घेतली. मग चहा प्यायल्या, शिंपिणीच्या कपातून. जाताना दारात थांबून आईला म्हणाल्या, "तुमची पण नोकरी होती तर. पण तुम्ही राजीनामा फेकलात, म्हणजे तुमची वर्षं गेली. मला वाईट वाटतं."

"मला नाही वाटत," आई म्हणाली. "पैसे देऊन पण तसं करायला मिळत नाही."

साहेब जिना उतरताना आत्याला सांगत होता, पाणघोडा 'हुम्' करत नाही, जास्त घोगरं असतं, पोटातून यावं लागतं. आत्या पायरीपायरीवर करून बघत होती. मधेच ती थांबून वर ओरडली, "ह्यापुढे पाणघोडा धाकटीने करायचा! मी वहिनी होणार!"

"वा! आई मी होणार," धाकटी म्हणाली. "आई माझी आहे."

"तुझी कशी? खोली मी रंगवलीय!" थोरला.

"त्या खोलीत दुकानाच्या पेट्या ठेव," आई म्हणाली. "आणि चला, निघा आता सगळे. बास झाला गोंधळ. आपापल्या घरी जा. हे माझं घर आहे."

ती हे म्हणाली आणि क्षणभर तिथेच दाराला धरून उभी राहिली, जसं काही ते वाक्य अजून एकदा म्हणावंसं वाटत होतं. मग दार लावलं.

अण्णा टेबलाशी बसून शिंपिणीचे कप एकात एक घालत होते. खाली जिन्यात आत्याचा पाणघोडा लांब लांब जात होता.

"अगं," अण्णा शेवटी म्हणाले.

"काय?"

"सव्वीस वर्षं सांगतोय मी ती गोष्ट. पण मी तर पोत्यांमागे होतो. बादली मी बघितलेलीच नाही." त्यांनी कप बाजूला सारले आणि तिच्यासाठी खुर्ची ओढली. "नेमकं झालं काय होतं? पहिल्यापासून सांग ना. मी मधे बोलत नाही."

आई त्यांच्याकडे बघत राहिली. मग तिने पदराला हात पुसले आणि बसली, चांगली ऐसपैस.

"तर मी खिडकीवर पाटी लावली," ती म्हणाली.

"कसली पाटी?"

"बोललात!"

"नाही नाही. सांग."